बेअदबी कोणाची?

नवेगाव बांधचा तालुका अर्जुनी मोरगाव, जिल्हा गोंदिया आणि उच्च न्यायालयाचे खंडपीठ नागपूरला. १ मे १९९९ रोजी गोंदिया जिल्हा वेगळा झाला, त्याआधी जिल्ह्याचे ठिकाण भंडारा होते. न्याय मागणारा माणूस या वाटेने वर जातो. त्याला मिळालेला आदेश त्याच वाटेने खाली येतो: नागपूरहून जिल्ह्याला, जिल्ह्याहून तालुक्याला आणि तालुक्याहून तलाठ्यापर्यंत किंवा वनरक्षकापर्यंत. या वाटेवर प्रत्येक टप्प्याला एक टेबल आहे, आणि प्रत्येक टेबलामागे बसलेल्या माणसाला वाटते की आदेश आपल्यासाठी नसून पुढच्या टेबलासाठी आहे.

काही वर्षांपूर्वी एक गृहस्थ न्यायालयाच्या आदेशाची प्रमाणित प्रत प्लास्टिकच्या पिशवीत घालून माझ्याकडे आले. जमीन थोडी होती. वाद जुना होता आणि निकाल त्यांच्या बाजूने लागला होता. ते म्हणाले, ‘गुरुजी, कागद तं कोर्टाचा हाये, पण ते म्हंतेत का वरून पत्र येऊ द्या.’ कचेरी कोणती होती हे येथे महत्त्वाचे नाही. महत्त्वाचे आहे ते ‘वरून पत्र येऊ द्या’ हे वाक्य. ज्या कागदावर उच्च न्यायालयाचा शिक्का होता, तो कागद त्या कारकुनाच्या हिशेबी ‘वरून’ आलेला नव्हता. तो समोरच्या माणसाच्या हातून आला होता, म्हणजे खालून आला होता. हाच आदेश जिल्ह्याच्या साहेबांनी एका ओळीचे पत्र जोडून धाडला असता, तर त्या संध्याकाळी फाइल हलली असती.

या लेखात मला जे म्हणायचे आहे ते या एका प्रसंगात आले आहे. आदेश न्यायालयाचा असतो, पण कचेरीच्या दारात तो आणणाऱ्याच्या जातीचा होतो. आणणाऱ्याची जी किंमत, तीच आदेशाची किंमत. आपला अवमानाचा कायदा ही गोष्ट पाहातच नाही. आदेश मोडला की न्यायालयाची बेअदबी झाली, एवढेच तो जाणतो. ज्या माणसाच्या हातचा कागद बाजूला सारला गेला, त्याची बेअदबी झाली हे त्या कायद्यात कोठेही लिहिलेले नाही.

येथे कोणी विचारील की साहित्याच्या आणि सामाजिक विचाराच्या नियतकालिकात न्यायालयाच्या निकालांची चर्चा कशाला? आपण कथा-कवितांची समीक्षा करतो ती त्यांतून समाज कसा बोलतो हे तपासण्यासाठी. निकाल हाही एक मजकूर आहे. त्यालाही नायक असतो, त्यातही कोणाचा तरी आवाज वगळलेला असतो. शिवाय अशी समीक्षा करण्याचा अधिकार कायद्यानेच दिला आहे. न्यायालय-अवमान अधिनियम, १९७१ याच्या कलम ५ प्रमाणे अंतिम निर्णय झालेल्या प्रकरणाच्या गुणवत्तेवर न्याय्य टीका करणे हा अवमान नव्हे. या अधिकाराचा सर्वांत मोठा वापर आपल्याच परिसरातल्या एका प्रकरणावरून झाला आहे. देसाईगंज नवेगाव बांधपासून फार दूर नाही. तेथील पोलीस ठाण्यात १९७२ साली एका आदिवासी मुलीवर झालेल्या अत्याचाराच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली दोन्ही पोलिसांना निर्दोष सोडले. १९७९ साली चार विधी-अध्यापकांनी सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहून त्या निकालाची चिरफाड केली. त्यातून देशभर स्त्रियांचे आंदोलन उभे राहिले आणि १९८३ साली कायदा बदलला. निकालावर टीका झाली म्हणून न्यायसंस्था कोसळली नाही. उलट ती थोडी सुधारली.

अर्थात टीकेचा हा अधिकार सर्वांना सारखा मिळालेला नाही. केरळचे तत्कालीन मुख्यमंत्री ई. एम. एस. नंबुद्रिपाद यांनी १९६७ साली पत्रकार परिषदेत न्यायसंस्थेच्या वर्गीय स्वरूपाविषयी मत मांडले. त्याबद्दल त्यांना अवमानाची शिक्षा झाली. १९७० साली सर्वोच्च न्यायालयाने ती कायम ठेवली, मात्र दंड एक हजारावरून पन्नास रुपयांवर आणला. न्यायालयाविषयी बोलणारा असा दोषी ठरतो. न्यायालयाचा आदेश वर्षानुवर्षे दाबून ठेवणारा अधिकारी मात्र बहुधा एका प्रतिज्ञापत्रावर सुटतो. एकाच कायद्याची ही दोन टोके ध्यानात ठेवून पुढे जाऊ.

न्यायालयाच्या आदेशाचा मान राखणे म्हणजे काय, हे दलितांना कोणी शिकवण्याची गरज नाही. त्याचा धडा महाडला मिळाला आहे. महाड कोकणात आणि नवेगाव बांध झाडीपट्टीत, पण हा इतिहास आपल्याला परका नाही. १९५४ साली भंडाऱ्याच्या लोकसभा पोटनिवडणुकीत बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले आणि पराभूत झाले, तेव्हा त्यांना पाहिलेली माणसे अगदी अलीकडेपर्यंत या भागात होती. शिवाय आमचे गावच तळ्याचे आहे. कोलू पाटील कोहळी यांनी बांधल्याचे सांगतात त्या तळ्यावरून गावाला नाव मिळाले. तळे कोणाचे आणि त्याचे पाणी कोणाला, हा प्रश्न आम्हांला समजावून सांगावा लागत नाही.

महाडचा क्रम नीट पाहिला पाहिजे. ४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई कायदेमंडळात सी. के. बोले यांचा ठराव मंजूर झाला. सार्वजनिक पैशाने बांधलेली वा चालवलेली पाणवठे, धर्मशाळा, शाळा, कचेऱ्या, दवाखाने ही ठिकाणे अस्पृश्यांना खुली असावीत, असा तो ठराव. सरकारने खात्यांना त्याप्रमाणे कळवले. १९२४ साली महाडच्या नगरपालिकेनेही चवदार तळे खुले असल्याचा ठराव केला. कागदावर सर्व काही झाले होते. तरी तीन वर्षे एकाही अस्पृश्याला त्या तळ्याचे पाणी घेता आले नाही, आणि ते घेता यावे म्हणून एकाही अधिकाऱ्याने काही केले नाही. २० मार्च १९२७ रोजी लोकांनी स्वतःच ठरावाची अंमलबजावणी केली, ओंजळीने पाणी घेतले, तेव्हा त्यांची डोकी फुटली. ऑगस्ट १९२७ मध्ये नगरपालिकेने आपला ठरावच मागे घेतला.

मग डिसेंबर आला. २५ डिसेंबरला सत्याग्रह परिषद ठरली होती. सवर्णांनी दिवाणी दावा लावला आणि १४ डिसेंबरला महाडच्या न्यायालयाने बाबासाहेब व त्यांच्या सहकाऱ्यांविरुद्ध तात्पुरता मनाई हुकूम दिला. येथे दोन कागदांचा वेग ताडून पाहावा. अस्पृश्यांच्या बाजूचा ठराव तीन वर्षांत तळ्याच्या पायरीपर्यंत पोहोचला नाही. त्यांच्या विरुद्धचा हुकूम मात्र अकरा दिवसांत परिषदेच्या मांडवात हजर होता, आणि तो समजावून सांगायला खुद्द जिल्हाधिकारी आले होते. हजारो माणसे तुरुंगात जाण्याच्या तयारीने जमली होती. सरकारशी एकाच वेळी लढा नको आणि न्यायालयाची लढाई न्यायालयात लढू, असा विचार करून बाबासाहेबांनी सत्याग्रह तहकूब केला. तळ्याभोवती मिरवणूक निघाली. पाण्याला कोणी हात लावला नाही.

निकाल लागायला दहा वर्षे गेली. १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने अस्पृश्यांच्या बाजूने निर्णय दिला. तोही समतेच्या तत्त्वावर नव्हता. अस्पृश्यांना वगळण्याची रूढी अनादि काळापासूनची आहे हे वादींना सिद्ध करता आले नाही, म्हणून दावा पडला. तरीही आपण तो निकाल मानला, कारण तो आपला होता. त्याआधीचा मनाई हुकूमही मानला, तो आपल्या विरुद्ध असताना. या देशात न्यायालयाचा मान कोणी राखला याचा हिशेब मांडायचा झाला, तर त्याचे पहिले पान महाडचे असले पाहिजे. तहानलेल्या माणसांनी न्यायालयाच्या शब्दाखातर पाण्यावरचा हात मागे घेतला होता. आता त्यांच्या नातवंडा-पतवंडांच्या बाजूने आदेश झाला, तर तो पाळण्याचे ऋण राज्ययंत्रणेवर आहे की नाही?

राज्यघटनेचे उत्तर स्पष्ट आहे. अनुच्छेद १४४ सांगतो की भारतातील सर्व मुलकी आणि न्यायिक अधिकाऱ्यांनी सर्वोच्च न्यायालयाला साहाय्य होईल असे वागले पाहिजे. अनुच्छेद १२९ आणि २१५ अनुक्रमे सर्वोच्च आणि उच्च न्यायालयाला आपल्या अवमानाबद्दल शिक्षा करण्याचा अधिकार देतात. १९७१ च्या अधिनियमाचे कलम १० खालच्या न्यायालयांच्या अवमानाचे प्रकरणही उच्च न्यायालयापुढे नेते. म्हणजे तहसीलदार, ठाणेदार, वनक्षेत्रपाल, मुख्याधिकारी यांपैकी कोणालाही ‘मला वरून पत्र नाही’ असे म्हणण्याची सोय घटनेने ठेवलेली नाही. न्यायालयाचा आदेश हेच वरून आलेले पत्र आहे.

पण घटनेने दिलेले उत्तर अधिनियमापर्यंत येताना पातळ होते. १९७१ चा कायदा शांतपणे वाचावा. दिवाणी अवमान म्हणजे आदेशाची ‘हेतुपुरस्सर’ अवज्ञा, अशी त्याची व्याख्या आहे. या एका शब्दात नोकरशाहीचे सारे बचाव मावतात. फाइल सापडत नव्हती, आधीचे साहेब बदलून गेले, मोजणी बाकी आहे, पोलीस बंदोबस्त मिळाला नाही, सरकारी वकिलाचे मत मागवले आहे. यांपैकी प्रत्येक गोष्ट खरी असू शकते, आणि सर्व मिळून एक खोटे तयार होते. शिक्षा जास्तीत जास्त सहा महिन्यांची साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड, अथवा दोन्ही. दोन हजार रुपये हा १९७१ सालचा आकडा आजही तोच आहे. न्यायालयाचे समाधान होईल अशी माफी मागितली की शिक्षा टळू शकते. अवमान घडल्यापासून एका वर्षात कार्यवाही सुरू झाली पाहिजे, अशी कलम २० ची मर्यादा आहे. ज्याच्याकडे नागपूरचे गाडीभाडे नाही त्याला हे वर्ष किती लहान असते, हे सांगायला नको. शिक्षा झाली तर अधिकाऱ्याला कलम १९ खाली अपील आहे. शिक्षा करायची नाही असे न्यायालयाने ठरवले, तर अर्ज करणाऱ्याला त्या कलमाखाली अपील नाही. कारण कायद्याच्या दृष्टीने अवमान ही न्यायालय आणि अवमान करणारा यांच्यातली बाब आहे, अर्जदार केवळ खबर देणारा. ज्याचे घर पडले, ज्याची जमीन गेली, तो स्वतःच्याच प्रकरणात खबऱ्या ठरतो.

याला न्यायालयांची स्वतःची भाषाही काही अंशी जबाबदार आहे. कित्येक आदेशांचा शेवट ‘संबंधित अधिकाऱ्याने अर्जदाराच्या निवेदनाचा कायद्यानुसार विचार करावा’ असा असतो. अधिकारी विचार करतो आणि निवेदन फेटाळतो. आदेश पाळला गेला, अवमान झाला नाही आणि माणूस जेथे होता तेथेच राहिला. आदेश कोणी, काय, किती दिवसांत करायचे हे ज्या निकालात लिहिलेले नाही, तो निकाल कचेरीला पळवाट काढून देतो. ही टीका न्यायालयांनीही ऐकावी.

आता आपल्या भागाकडे येऊ. नवेगावला १९७५ साली राष्ट्रीय उद्यान झाले आणि २०१३ साली नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्प जाहीर झाला. येथे न्यायालयाच्या आदेशाचा अनुभव बहुतेकांना वनखात्यामार्फत येतो. जंगलासंबंधीचे देशातले सर्वांत मोठे प्रकरण म्हणजे गोदावर्मन तिरुमुलपाद प्रकरण. १२ डिसेंबर १९९६ चा त्यातला आदेश प्रसिद्ध आहे. या एकाच प्रकरणातून निघालेल्या आदेशांचे महाराष्ट्रात आणि देशात दोन वेगळ्या दिशांनी काय झाले ते पाहण्याजोगे आहे.

पहिली दिशा जंगलात कसणाऱ्यांची. १९९० च्या सप्टेंबरमध्ये केंद्रीय पर्यावरण व वन मंत्रालयाने १९८० पूर्वीची पात्र वहिवाट नियमित करण्यासाठी मार्गदर्शक तत्त्वे दिली होती. बहुतेक ठिकाणी ती बारा वर्षे कपाटात राहिली. नोव्हेंबर २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अतिक्रमणे नियमित करण्यास मनाई केली. लगेच ३ मे २००२ रोजी त्याच मंत्रालयाने राज्यांना पत्र धाडले की अपात्र अतिक्रमणे ३० सप्टेंबरपर्यंत काढून टाकावीत. न्यायालयाने मुदत घालून माणसे उठवायला सांगितलेले नाही, असा आक्षेप आदिवासी संघटनांनी तेव्हाच घेतला. तोवर देशात अनेक ठिकाणी झोपड्या जळाल्या होत्या आणि उभी पिके तुडवली गेली होती. या अन्यायाची दखल शेवटी २००६ च्या वनहक्क कायद्याच्या उद्देशिकेत ‘ऐतिहासिक अन्याय’ या शब्दांत घ्यावी लागली.

दुसरी दिशा लाकूड कापणाऱ्या गिरण्यांची. केंद्रीय अधिकारप्राप्त समितीच्या पूर्वपरवानगीशिवाय नव्या आरागिरण्या, प्लायवूडचे कारखाने सुरू करू नयेत, असा सर्वोच्च न्यायालयाचा आदेश होता. तो असताना २००४ साली महाराष्ट्रात अशा कारखान्यांना मंजुरी दिली गेली. १० मे २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तत्कालीन वनमंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना अवमानाबद्दल एक महिन्याच्या साध्या कैदेची शिक्षा दिली. माफी नाकारली. मंत्र्याला आणि सचिवाला तुरुंगात पाठवणारा हा निकाल दुर्मिळ आहे आणि त्याचे स्वागत केले पाहिजे.

पण दोन्ही दिशा शेजारी ठेवल्या की काय दिसते? खाते एक, प्रकरण एक, काळही जवळजवळ एकच. गरिबाच्या विरुद्ध वळवता येईल असा आदेश त्याच्या शब्दांपेक्षाही पुढे धावला, आणि भांडवलाच्या आड येणारा आदेश मंत्रालयातच अडवला गेला. पहिल्या दिशेने जे घडले त्याबद्दल कोणाला अवमानाची नोटीस गेली नाही. आदेशात नसलेले त्यात वाचणे हाही आदेशाचा अवमान आहे, हे आपल्या कायद्याला अजून सुचलेले नाही. आणखी एक गोष्ट आपण आपल्याशी प्रामाणिकपणे बोलली पाहिजे. स्वरूपसिंह नाईक स्वतः आदिवासी समाजातले, राखीव मतदारसंघातून निवडून आलेले नेते. खुर्चीवर आपला माणूस बसला की खुर्चीचा स्वभाव बदलतो, ही समजूत या प्रकरणाने खोटी ठरवली.

गायरानाचेही असेच. दादासाहेब गायकवाड यांच्या नेतृत्वाखाली १९६४ साली झालेला भूमिहीनांचा सत्याग्रह आणि त्यानंतरची गायरानाची चळवळ यांमुळे सरकारला नमते घ्यावे लागले. १४ एप्रिल १९९० पर्यंतची दलित-आदिवासींची शेतीसाठीची अतिक्रमणे नियमित करण्याचा निर्णय १९९१ साली निघाला. २८ जानेवारी २०११ रोजी सर्वोच्च न्यायालयाने जगपाल सिंग प्रकरणात गावाच्या सामायिक जमिनीवरील अतिक्रमणे काढण्याचा आदेश सर्व राज्यांना दिला. त्याच आदेशात अपवादही सांगितला आहे: शासकीय अधिसूचनेखाली भूमिहीन मजुरांना अथवा अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना जमीन दिलेली असेल तर ती नियमित करता येईल. गावोगावच्या नोटिसांत आदेशाचा पहिला भाग ठळक असतो. अपवादाचे वाक्य मात्र गळालेले असते. २०१९ मध्येही हेच झाले असते. १३ फेब्रुवारीला सर्वोच्च न्यायालयाने वनहक्काचे दावे फेटाळले गेलेल्यांना हटवण्याचा आदेश दिला. दावे फेटाळताना योग्य पद्धत पाळली गेली का, हा प्रश्न उभा राहिल्यावर २८ फेब्रुवारीला न्यायालयानेच तो थांबवला. ते पंधरा दिवस जंगलातल्या गावांनी कसे काढले असतील याचा विचार करावा.

अलीकडच्या दोन प्रकरणांनी हा विषय पुन्हा उजेडात आणला आहे. आंध्रातील गुंटूर जिल्ह्यात एका तहसीलदाराने उच्च न्यायालयाचा आदेश असतानाही जानेवारी २०१४ मध्ये पोलीस फौजफाटा नेऊन गरिबांच्या झोपड्या पाडल्या. उच्च न्यायालयाने त्याला दोन महिन्यांची कैद सुनावली. अपिले चालत राहिली आणि या काळात तो अधिकारी बढती मिळून उपजिल्हाधिकारी झाला. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याला कैदेऐवजी पदावनत करून पुन्हा तहसीलदार केले आणि एक लाख रुपये दंड केला. हा निकाल देणाऱ्या पीठावर न्यायमूर्ती भूषण गवई होते, विदर्भातल्या आंबेडकरी चळवळीच्या घरातून आलेले. कैदेपेक्षा पदावनती अधिकाऱ्यांच्या जिव्हारी लागते, हे या निकालाने ओळखले. तरीही दोन गोष्टी मनाला बोचतात. आदेश मोडल्यानंतर अकरा वर्षे तो माणूस नोकरीत वर चढत होता, त्याच्या खात्याला त्यात काही गैर वाटले नाही. आणि निकालाच्या दिवशी वृत्तपत्रांचे मथळे त्याच्या पदाविषयी होते. ज्यांच्या झोपड्या गेल्या त्यांचे पुढे काय झाले, हे त्या मथळ्यांवरून कळत नव्हते.

दुसरे प्रकरण आपल्या नागपूरचे. १३ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने घरे पाडण्याविषयी सविस्तर आदेश दिला. पंधरा दिवसांची नोटीस, बाजू मांडण्याची संधी, आणि आदेश मोडणाऱ्या अधिकाऱ्याला अवमानाबरोबरच स्वतःच्या खर्चाने भरपाई करावी लागेल, असे त्यात आहे. चार महिन्यांनी, मार्च २०२५ मध्ये, नागपुरातील हिंसाचारानंतर एका आरोपीच्या कुटुंबाचे घर महापालिकेने पाडले. उच्च न्यायालयाने दखल घेतल्यावर महापालिका आयुक्तांनी बिनशर्त माफी मागितली. सर्वोच्च न्यायालयाचा आदेश संबंधित अधिकाऱ्यांना माहीत नव्हता, असे न्यायालयाला सांगण्यात आले. देशभरच्या वृत्तपत्रांत पहिल्या पानावर आलेला आदेश, आणि उच्च न्यायालयाचे खंडपीठ ज्या शहरात बसते तेथील महापालिकेला तो ठाऊक नाही! कायद्याचे अज्ञान ही सबब सामान्य माणसाला चालत नाही, हे आपल्याला शाळेपासून शिकवले जाते. ‘वरून पत्र आले नाही’ याचेच हे शहरी रूप आहे.

न्याय्य समीक्षेने अधिकाऱ्यांची बाजूही पाहिली पाहिजे. तालुक्याच्या पातळीवरचा अधिकारी अनेकदा दोन दगडांमध्ये सापडतो. एकीकडे आदेश, दुसरीकडे आमदाराचा फोन. पोलीस बंदोबस्त त्याच्या हातात नसतो आणि मोजणीचे खाते वेगळे असते. प्रकरण वर गेले की सचिव सुटतो आणि नायब तहसीलदार अडकतो. म्हणून अवमानाचा बडगा खालच्या माणसापुरता राहिला तर त्यातून नवा अन्याय होईल. पण याचे उत्तर आदेश न पाळणे हे नाही. अडचण असेल तर मुदतीच्या आत न्यायालयात जाऊन ती सांगणे, मुदतवाढ मागणे, हे त्याचे कर्तव्य आहे. अडचण सांगणारा अधिकारी आदेशाचा मान राखतो. गप्प बसून माणूस थकण्याची वाट पाहणारा तो मोडतो.

मग कार्यकर्त्यांनी, विद्यार्थ्यांनी, शिक्षकांनी काय करायचे? पहिले म्हणजे आदेशाचा शेवटचा भाग, ज्यात प्रत्यक्ष हुकूम असतो, तो मराठीत लिहून काढून माणसाला समजावून द्यायचा. प्रमाणित प्रत अर्जासोबत कचेरीत द्यायची आणि आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख, शिक्का घेतल्याशिवाय उठायचे नाही. कारण ‘हेतुपुरस्सर’ हे सिद्ध करण्याची सुरुवात त्या शिक्क्यापासून होते. अधिकाऱ्याचे नाव आणि पद लिहून ठेवायचे, कारण बदली ही नोकरशाहीची सर्वांत जुनी पळवाट आहे. आदेशावर काय कार्यवाही झाली हे २००५ च्या माहिती अधिकारात विचारायचे. वर्षाची मर्यादा विसरायची नाही. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ याच्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना आणि स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. तालुक्याला त्यासाठी समिती असते, तिचा दरवाजा ठोठवायचा. महाविद्यालयांतल्या मुलांनी आपापल्या गावात किती आदेश कागदावरच राहिले आहेत याची यादी केली, तरी ते मोठे काम होईल.

आणि कायद्याकडे मागणी करायची ती अशी. आदेश पाळल्याचा पुरावा देण्याची जबाबदारी अधिकाऱ्यावर असावी, न पाळल्याचा पुरावा गोळा करण्याची गरिबावर नसावी. अवमान प्रलंबित असताना बढती थांबावी. अर्जदाराला खबऱ्या न मानता पक्षकार मानावे आणि त्यालाही अपील असावे. आदेश पूर्ण अमलात येऊन झालेले नुकसान भरून निघाल्याखेरीज माफीचा विचारच होऊ नये. असे करणे अशक्य नाही. कर्तव्यात कसूर हा लोकसेवकाचा स्वतंत्र गुन्हा आहे, हे तत्त्व १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या कलम ४ ने त्या कायद्यापुरते स्वीकारलेलेच आहे. ते न्यायालयाच्या आदेशांपर्यंत न्यायचे आहे.

ते गृहस्थ पुढे वर्षभर त्या कचेरीत खेपा घालत राहिले. वरून पत्र आले तेव्हा कागद पिशवीच्या घड्यांवर फाटला होता. उशीर का झाला हे त्यांना कोणी सांगितले नाही, आणि त्यांनीही विचारले नाही. न्यायालयाचा मान राखला जावा असे आपल्याला वाटते, कारण महाडला आपण तो राखला आहे. म्हणूनच आपण म्हणू शकतो की यापुढे माफी मागायची असेल तर ती न्यायमूर्तींच्या आधी त्या माणसाची मागावी, ज्याच्या हातचा आदेश कचेरीने उघडून वाचलासुद्धा नाही.